सामाईक विहिरीची पाळी आणि उलटे सातबारे: वडील-काका बोलत नाहीत, बोलून सुटतं का की सरळ कोर्ट?

चाकणची_शिफ्ट:
नमस्कार मंडळी, जरा लांबलचक आहे पण वाचा आणि ज्यांच्या घरात असलं काही निस्तरलंय त्यांनी प्लीज सांगा.

गाव जुन्नर तालुक्यात, मी चाकणला कंपनीत, सुट्टी मिळेल तसं गावी जातो. वडील (अण्णा) आणि थोरले काका (तात्या) असे दोघंच भाऊ, एक आत्या आहे. आजोबांनी जिवंतपणीच तोंडी वाटणी करून दिली, विहीर तेवढी सामाईक ठेवली. मोटर एक, मीटर एक आणि तोही अजून आजोबांच्याच नावावर. पाळी आठवड्याची, एक आठवडा तात्या एक आठवडा आम्ही.

आता गंमत बघा. आमच्या फीडरला शेतीची थ्री फेज लाईट आठ तास, एक आठवडा दिवसा आणि एक आठवडा रात्री. पाळीपण आठवड्याची आणि लाईटपण आठवड्याची, म्हणजे ज्याच्या पाळीला एकदा रात्रीची लाईट चिकटली त्याची ती सुटतच नाही. आम्हाला रात्रीची चिकटली. तात्यांच्या मुलीच्या लग्नात त्यांनी अण्णांकडून पाळी बदलून घेतली, मांडव, पाहुणे, मुलगी जायची, म्हणून अण्णा लगेच हो म्हणाले. लग्न झालं, मुलगी नांदायला गेली, तिला आता पोरगं झालं तरी पाळी काय परत फिरली नाही. आमच्याकडचे कोणी वाचत असतील तर त्यांना रात्री पाणी भरणं म्हणजे काय ते सांगायला नको, चहूबाजूनी ऊस, बिबट्या कधी कुठून निघेल नेम नाही आणि अण्णा या वयात बॅटरी आणि काठी घेऊन दारं धरतात. आई पडवीत बसून राहते ते आले की मग झोपते.

दुसरा घोळ सातबाऱ्याचा. रस्त्याकडचा वरचा तुकडा कागदावर अण्णांच्या नावावर पण पहिल्यापासून कसतात तात्या, आणि विहिरीकडचा खालचा तात्यांच्या नावावर पण कसतो आम्ही. आजोबा गेल्यावर नोंदी लावताना गट नंबर उलटे पडले, तेव्हा सगळं एकच होतं म्हणून कोणी बघितलं नाही. आता रस्ता डांबरी झाला, वरच्या तुकड्याला भाव आलाय. अण्णा म्हणतात तो मला पाण्यात अडवतो ना, मग मी त्याला कागदात अडवतो. तात्या म्हणतात पाय ठेवून दाखव. मोजणीचा अर्ज भरून तयार आहे, वकिलाचा नंबर अण्णांनी कॅलेंडरवर लिहून ठेवलाय.

जो भेटतो तो सांगतो "बसून बोला, घरातलं घरात मिटवा". गणपतीत मामांनी बसवलं होतं की दोघांना समोरासमोर, चहा यायच्या आत विषय पाण्यावरून आजोबांनी विकलेल्या बैलजोडीवर गेला आणि ते पैसे कोणी खाल्ले इथपर्यंत पोचला. अण्णा ताटावरून उठले. तर माझा प्रश्न एवढाच की बोला बोला म्हणजे नक्की करायचं काय? कोणाच्या घरात बोलून खरंच सुटलंय का, की कोर्ट बरं?

बांधावरचा_म्हसोबा:
भाऊ खरं सांगू, नाही सुटत. बोलण्याने सुटणारं असतं तर दोन सख्ख्या भावांना कोणी सांगायला लागलं असतं का. आमच्याकडे २००७ ला आबा पाटलांनी तंटामुक्त गाव मोहीम आणली तेव्हा गावात समिती झाली, ग्रामसभेत टाळ्या वाजल्या, बक्षीस मिळालं, वेशीवर कमान झाली. कमानीच्या डाव्या खांबाला लागून ज्याचं शेत आहे त्याचं आणि समितीच्या अध्यक्षाचंच बांधावरून भांडण, ते आजही चालू आहे, कमानीचा रंग उडाला तरी. दरवर्षी नांगराच्या एका तासाने, म्हणजे एका सरीने, बांध आत सरकवणारा माणूस बोलायला बसला की सगळ्यात गोड बोलतो हे लक्षात ठेव. मोजणी आण, खुणा रोव, मोकळा हो.

साक्रीकर:
म्हसोबा, तंटामुक्तीने काहीच झालं नाही असं सरसकट नका म्हणू, आमच्या गावात पोलीस स्टेशनला जाणाऱ्या बऱ्याच मारामाऱ्या चावडीवर थांबल्या हे डोळ्याने पाहिलंय. हां, बक्षिसासाठी कागदावर मिटवलेले तंटे पण पाहिलेत, ते सहा महिन्यात परत उगवतात.

निवृत्त_भाऊसाहेब:
चाकणकर, मी तलाठी म्हणून नोकरी करून निवृत्त झालोय, तुमच्यासारखी प्रकरणं इतकी पाहिलीत की नावं बदलली तर एकच वाटेल. म्हसोबांचा सल्ला तुमच्या केसमध्ये उलटा पडेल. मोजणीवाला येऊन काय सांगणार? कागदाप्रमाणे कोणाचं क्षेत्र कुठे आहे तेवढंच. ते तर तुम्हाला, अण्णांना आणि तात्यांना आधीच पाठ आहे. बांध कोरलाय का हा वाद असता तर मोजणीला अर्थ होता. तुमचा वाद कागद आणि ताबा उलटा असण्याचा आहे, त्यात खुणा रोवल्या की त्या खुणांवरूनच काठ्या निघतात, हे मी पाहिलंय म्हणून सांगतो.

नेमकी याच अडचणीसाठी सरकारची सलोखा योजना आहे, जानेवारी २०२३ मध्ये आली. एकाच्या नावची शेतजमीन दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याची पहिल्याच्या ताब्यात, असं किमान १२ वर्षं चालत आलेलं असेल तर अदलाबदल दस्त करून सातबारे ताब्याप्रमाणे सरळ करून घेता येतात. एरवी असा अदलाबदलीचा दस्त केला तर बाजारभावाने मुद्रांक शुल्क बसतं, ते ऐकूनच लोक उठून जातात. सलोख्यात मुद्रांक १००० रुपये आणि नोंदणी फी १००० रुपये, विषय संपला. क्षेत्र थोडं कमी-जास्त असलं तरी चालतं. आधी तलाठी आणि मंडल अधिकारी जागेवर येऊन ताब्याचा पंचनामा करतात. सुरुवातीला दोन वर्षांचीच मुदत होती, पुढे वाढवून दिली, तरी आज काय स्थिती आहे ते तुमच्या तलाठ्याला विचारून घ्या.

पण यात एक मेख आहे. दोन्ही बाजूंची संमती पाहिजे. एकाने जरी मान हलवली नाही तर ना तलाठी काही करू शकत ना तहसीलदार. म्हणजे फिरून गाडी तुमच्या प्रश्नावरच येते.

चाकणची_शिफ्ट:
भाऊसाहेब खूप धन्यवाद, हे आम्हाला कोणीच सांगितलं नव्हतं. १२ वर्षांच्या कितीतरी वर झालं. पण संमती म्हणजे तात्यांनी सही करायची आणि आता त्यांना जर कळलं की अण्णांना सहीची गरज आहे तर ते अजून ताणतील.

निवृत्त_भाऊसाहेब:
गरज एकट्या अण्णांना कशी? वरच्या तुकड्याला भाव आलाय म्हणता, तो तात्या कसतात आणि नाव अण्णांचं. म्हणजे तात्यांना उद्या त्यावर कर्ज काढायचं तर निघणार नाही, विकायचा तर विकता येणार नाही, पीक विम्यापासून सगळीकडे अडणार. तुमच्या वडिलांपेक्षा त्यांनाच जास्त गरज आहे. तुम्ही दोन्ही बाजू एका घरातून बघताय.

बांधावरचा_म्हसोबा:
एक मिनिट, मला एक सांग शिफ्टवाल्या. लग्नात पाळी बदलून घेतली म्हणतोस. मग लग्नाच्या आधी रात्रीची पाळी कोणाकडे होती?

चाकणची_शिफ्ट:
तात्यांकडे.

बांधावरचा_म्हसोबा:
किती वर्षं?

चाकणची_शिफ्ट:
लाईटचं हे दिवस-रात्र आठवड्याचं चक्र आमच्याकडे सुरू झालं तेव्हापासून लग्नापर्यंत. नक्की सांगता येणार नाही पण बरीच. तेव्हा मी शाळेत होतो, आमच्याकडे कधी हा विषयच निघाला नाही.

बांधावरचा_म्हसोबा:
निघणार कसा, दिवसाची पाळी तुमच्याकडे होती ना 😀 भाऊ राग मानू नको, पण तात्यांच्या जागी मी असतो तर मी पण परत फिरवली नसती. माझ्या पोरीच्या लग्नापर्यंत मी रात्री मेलो तेव्हा एकाने विचारलं नाही, आता तू विचारतोस होय. बघ, तात्यांच्या डोक्यात हेच असणार, लिहून देतो.

साक्रीकर:
म्हसोबांनी नस पकडली. आणि मला तर वाटतं यात लबाडी कोणाचीच नाही, दोन आठवड्यांची दोन चक्रं एका तालावर पडली आणि मधला एक भाऊ भरडला गेला, आधी हा मग तो.

आमच्याकडचं सांगतो, बघा उपयोग होतो का. पांझरेवर फड पद्धत होती, काही ठिकाणी अजून आहे, शेकडो वर्षांची. बंधाऱ्याचं पाणी पाटाने येतं आणि लाभक्षेत्राचे तीन-चार फड पाडलेले असतात, एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं. जुनी मांडणी अशी की बहुतेक शेतकऱ्यांची थोडी थोडी जमीन प्रत्येक फडात. पाणी कमी पडलं की एखादा फड कोरडा ठेवायचा, म्हणजे नुकसान सगळ्यांच्याच वाट्याला आलं. आणि मुख्य सांगायचं ते हे की शेतकरी स्वतः पाणी धरत नाही. ते काम पाटकऱ्याचं. त्याला गावाने नेमायचं, सगळ्यांनी मिळून त्याचं मानधन द्यायचं, तो पहिल्यापासून शेवटपर्यंत ओळीने भिजवत जाणार. तुमच्या शेतात पाणी किती वेळ राहिलं यावर शेजाऱ्याशी हुज्जत घालायची सोयच नाही, घालायची तर पाटकऱ्याशी घाला, आणि तो दुसऱ्या दिवशी त्याच पाटावर भेटणार आहे.

माझे आजोबा सांगायचे की फडात भांडणं नव्हती असं नाही, भरपूर होती, पण वर्षातून ठरलेल्या वेळी सगळे बसायचे आणि तेव्हाच ती काढायची. रोज पाटावर काढायची नाहीत. तुमच्या मामांनी गणपतीत बसवलं तिथे चूक ही झाली की विषय ठरवला नाही. दोन भाऊ इतक्या वर्षांनी समोर आले तर बैलजोडी निघणारच. "फक्त पाण्याची पाळी, बाकी आज काही नाही" असं आधी दोघांकडून कबूल करून घ्यायचं आणि घसरले की मध्यस्थाने सरळ थांबवायचं. मध्यस्थ मामा नको, मामा म्हणजे तुमच्या आईचे भाऊ, तात्यांच्या दृष्टीने ते तुमचीच पार्टी.

आणि पाळीचं म्हणाल तर आठवडा मोडा. अर्धा अर्धा करा. सोमवार ते बुधवार एक, गुरुवार ते शनिवार दुसरा, रविवार आलटून पालटून. मग दिवसाच्या आठवड्यातले तीन दिवस पण दोघांना आणि रात्रीच्या आठवड्यातले तीन दिवस पण दोघांना.

पाणीदार:
पंधरा पंधरा दिवसांची पाळी का नाही? त्यातपण प्रत्येकाला एक आठवडा दिवस एक आठवडा रात्र मिळते की.

साक्रीकर:
कांदा पंधरा दिवस थांबत नाही हो. उन्हात आठ-दहा दिवसात पाणी लागतंच. टोमॅटोचं तर विचारूच नका.

चाकणची_शिफ्ट:
साक्रीकर कल्पना भारी आहे पण तीन दिवसात, म्हणजे २४ तास मोटर चालली तर, आमचा खालचा तुकडा पाटपाण्याने पुरा भिजत नाही. अण्णा लगेच हेच म्हणतील. अर्ध्यात असताना पाळी संपली की राहिलेलं क्षेत्र पुढच्या सोमवारपर्यंत वाळणार.

साक्रीकर:
मग पुढच्या पाळीला जिथे सोडलं तिथूनच धरायचं, पहिल्या वाफ्यापासून नाही. आणि ठिबक आहे का? नसेल तर त्या वरच्या-खालच्या नादात वकिलाला देणार असलेले पैसे नळ्यांवर घाला असं अण्णांना सांगून बघा, शिव्या दिल्या तर माझं नाव सांगा.

माहेरवाशीण:
सगळे दादा-भाऊ बोलून झाले असतील तर मी बोलू का. एवढ्या सगळ्या धाग्यात आत्याचा उल्लेख एका ओळीत आहे, "एक आत्या आहे". आणि आई रात्री पडवीत बसून असते हा दुसरा. काकूचा तर नाहीच.

मला विचारायचंय, तुमची आई आणि काकू बोलतात का एकमेकींशी? माझा अंदाज आहे बोलत असणार. आमच्याकडे माझे वडील आणि चुलते बारा-तेरा वर्षं बोलत नव्हते, पण आई आणि काकूचं विरजण, लोणच्याची बरणी, कोणाला ताप आला तर काढा, सगळं परसदाराने चालू होतं, दोघा पुरुषांना माहीत असून माहीत नसल्यासारखं. वडिलांचा निरोप चुलत्यांपर्यंत पोचायला एक तास लागायचा नाही. म्हणजे बोलणं बंद कधीच नव्हतं, फक्त ते ज्यांच्यामार्फत चालू होतं त्यांना कोणी विचारत नव्हतं की तुमच्या मते काय करावं. रात्रीच्या पाळीचा त्रास काकूनेही काढलाय, तीपण अशीच बसून राहिली असणार इतकी वर्षं. हे तुमच्या आईला जितकं समजेल तितकं अण्णांना समजणार नाही.

आणि आत्या. दोन भाऊ ज्याच्यापुढे आवाज चढवू शकत नाहीत असं एकच माणूस उरलेलं असतं आणि ते म्हणजे बहीण. तिला सहीला बोलावता, भाऊबीजेला बोलावता, चर्चेला नाही बोलावत. हक्कसोड करून दिला असेल तिने तर अजूनच जास्त, कारण तिने सोडलं आणि हे दोघं आठ तासाच्या लाईटीवर भांडतायत, हे तिने तोंडावर म्हटलेलं दोघांनाही झोंबेल. पण तिला न्यायाधीश करू नका हं, बिचारीला दोन्ही घरं माहेर म्हणून ठेवायचीत.

काळा_डगला:
मी जिल्हा कोर्टात प्रॅक्टिस करतो, त्यामुळे "वकील गाठा" हा सल्ला मी देणं माझ्या धंद्याला धरून होईल 😄 पण नको. जमिनीच्या ताब्याचा दिवाणी दावा लावलात तर खालचं कोर्ट, मग अपील, मग वर. अण्णांच्या वयाचा विचार करा. शिवाय कागद तुमच्या बाजूने असला तरी ताबा इतक्या वर्षांचा तात्यांचा आहे आणि त्यांच्या नावच्या जमिनीवर तुमचा ताबा आहे, दोन्ही बाजूंना दोन्ही मुद्दे मांडता येतात. असल्या केसेस लांबतात.

माहेरवाशीण ताईंचं पटलं, फक्त एक भर. बोलून ठरलं की त्याच दिवशी लिहा. लोक इथेच गंडतात. मनं जुळली, डोळ्यात पाणी आलं, पाया पडले, "आता कागद कशाला, आपण काय परके आहोत का" म्हणून उठले. तुमच्या आजोबांनीही तेच केलं होतं ना, तोंडी वाटणी? लग्नातली पाळीची अदलाबदल पण तोंडी. ती किती दिवसांसाठी हे कोणी बोललंच नाही, म्हणून अण्णांना वाटतं उसनी दिली आणि तात्यांना वाटतं आता बरोबर झालं.

पाळीचं वेळापत्रक साध्या कागदावर लिहून दोघांच्या सह्या आणि दोन साक्षीदार घेतले तरी पुष्कळ. जमिनीचं मात्र पाचशेच्या बाँडवर नोटरी करून भागत नाही, त्याने सातबारा हलत नाही, तिथे नोंदणीकृत दस्तच पाहिजे, भाऊसाहेबांनी सांगितलेला रस्ता बरोबर आहे. आणि समजा मोठं काही ठरलं, त्याला कोर्टाचं बळ हवंय, तर लोकअदालत आहे. दावा न लावताही वाद तिथे दाखलपूर्व म्हणून नेता येतो. तडजोड झाली की तो निवाडा दिवाणी कोर्टाच्या हुकूमनाम्यासारखाच, त्यावर अपील नाही. दावा लावलेला असेल तर कोर्ट फी पण परत मिळते. तालुका विधी सेवा समिती कोर्टाच्या आवारातच असते, विचारायला पैसे पडत नाहीत.

आणि हो, विहिरीचा मीटर अजून आजोबांच्या नावावर ठेवू नका, थकबाकी किती आहे ते आधी बघा. ती निघाली की परत सगळं पहिल्यापासून.

बांधावरचा_म्हसोबा:
वकील साहेब फुकट सल्ला देतायत म्हणजे कलियुग संपलं. पण माझं म्हणणं तेच, समोरचा बसायलाच तयार नसेल तर? सगळे असं धरून चालतात की दोघांनाही मिटवायचंय. काहींना भांडण मोडलं तर सकाळी उठून करायचं काय हा प्रश्न पडतो.

काळा_डगला:
असतात की असे. एकाने दहा पावलं चालून दुसरा जागचा हलत नसेल तर तिथे कोर्टच, आणि त्यात कमीपणा नाही. पण तो हलत नाही हे ठरवायच्या आधी त्याला एकदा तरी नीट विचारलेलं असावं, आणि "पाळी परत दे" ही मागणी झाली, तो प्रश्न नाही.

चाकणची_शिफ्ट:
मंडळी, खूप दिवसांनी येतोय. बऱ्याच जणांनी व्यनि (खासगी मेसेज) करून विचारलं म्हणून लिहितो, सगळं गोड झालेलं नाही हे आधीच सांगतो.

ताई म्हणाल्या ते खरं निघालं, आई आणि काकू बोलतात. आईला मी नुसतं विचारलं की काकूपण रात्री जाग्या राहायच्या का गं, तर आई जरा वेळ गप्प बसली आणि म्हणाली "त्यांचं तर पोरगं पण लहान होतं तेव्हा, त्यालाच बॅटरी धरायला न्यायचे". तो पोरगा म्हणजे माझा चुलतभाऊ, आता तोच शेती बघतो. त्याला फोन लावला. आमचं दोघांचं तसं भांडण नाहीच, फक्त गावात एकमेकांना बघून रस्ता बदलायची सवय लागलेली. नारायणगावला तो टोमॅटो घेऊन आला होता, मार्केटबाहेर टपरीवर उभ्या उभ्या बोललो. साक्रीकरांचं ऐकून मी पहिलंच म्हणालो की आज फक्त पाणी. तो म्हणाला मला पण तेवढंच बोलायचंय, बाकीचं त्या दोघांचं त्यांना लखलाभ.

अर्ध्या आठवड्याची कल्पना त्याला लगेच पटली, पण त्याने एक अट सांगितली, तात्यांची. तात्यांना पाळीचं एवढं नाही, अण्णा गावात पारावर बसून "भावाने पाणी चोरलं" म्हणतात ते त्यांना लागलंय. पोरीच्या लग्नात मागून घेतलं ते चोरलं कसं, एवढंच ते काकूजवळ सारखं बोलतात म्हणे. म्हणजे आम्ही इकडे वेळापत्रकं मांडत बसलो होतो आणि तिकडे गाठ भलतीकडेच होती.

मग आत्या आली. तिने अण्णांना काही समजावलं वगैरे नाही, फक्त विचारलं की तू दिलीस का त्याने घेतली. अण्णा म्हणाले दिली. मग ती म्हणाली की पारावर पण असंच म्हण. अण्णा चार दिवस धुमसत होते, आईवर चिडचिड, जेवण अर्धवट. पण नंतर म्हणणं बंद झालं हे खरं, माफी-बिफी काही मागितली नाही, तेवढी अपेक्षा कोणाचीच नव्हती. मोजणीचा अर्ज अजून कपाटात आहे, फाडलेला नाही, भरलेलाही नाही.

आता पाळी अशी आहे: सोम ते बुध तात्या, गुरु ते शनि आम्ही, रविवार एकाआड एक. वहीच्या पानावर लिहिलं, मी, चुलतभाऊ, आणि साक्षीला आत्या आणि शेजारचे एक जण. अण्णा-तात्यांनी वेगवेगळ्या दिवशी आपापल्या घरी बसून सही केली. मुदत उन्हाळी कांदा निघेपर्यंत, मग परत बसायचं. थकबाकी बघितली तर व्हायचा तो झटका बसला, निम्मी निम्मी करून हप्त्याने भरतोय. सुरुवातीलाच एक राडा झाला, रविवार कोणाचा यावरून, अण्णा म्हणाले आमचा तात्या म्हणाले आमचा, म्हणून आता कॅलेंडरवर पेनाने सगळे रविवार मांडून दोन्ही घरात एक एक लावलंय. तीन दिवसात तुकडा पुरा भिजत नाहीच, ते खरंच अडतंय. निम्म्या क्षेत्राला ठिबक करायचं ठरतंय, अण्णा कुरकुर करतायत पण नाही म्हणालेले नाहीत.

सातबाऱ्याचं अजून तिथेच. सलोख्याचं चुलतभावाला सांगितलं, त्याला पटतंय कारण त्याला वरच्या तुकड्यावर कर्ज काढून पॉलिहाऊस करायचंय. तात्या म्हणतात कांदा निघू दे. आणि ते दोघं एकमेकांशी अजूनही बोलत नाहीत, बांधावर समोरासमोर आले तर बघून न बघितल्यासारखं करतात.

साक्रीकर:
वा, मुदत घातलीत हे फार बरं केलं. मोटर चालू-बंद कोण करतं आता? तिथेच खरी कुरबुर होते, दहा मिनिटं आधी बंद केली, अर्धा तास जास्त चालवली.

चाकणची_शिफ्ट:
मोबाईल स्टार्टर बसवला साक्रीकर, तुमच्या पाटकऱ्यावरूनच सुचलं. चालू-बंद झाली की मेसेज चुलतभावाला आणि मला दोघांनाही येतो, मी इथे लाईनवर असताना पण कळतं की मोटर किती वाजता पडली. सिम त्याच्या नावावर आहे, रिचार्ज आळीपाळीने.

बांधावरचा_म्हसोबा:
चला, म्हणजे जुन्नरात मोटर चालू होणार आणि चाकणच्या कंपनीत फोन वाजणार. मी अजून माझ्या मतावर ठाम आहे बरं का, कांदा निघाला की बोलू. तोपर्यंत भाव मिळो.

निवृत्त_भाऊसाहेब:
चाकणकर, कांदा निघायची वाट बघताय तर तोवर एक काम करून ठेवा. दोन्ही गटांचे जुने फेरफार आणि पीकपाहणीचे उतारे काढून ठेवा, वहिवाट किती जुनी हे दाखवायला लागतील. आणि पंचनाम्याला शेजारच्या गटवाल्यांच्या सह्या लागतात, किमान दोघांच्या तरी. साक्षीला होते म्हणता ते शेजारी गटाला लागून असतील तर त्यांनाच आधी विचारा, पण तुम्ही एकटे जाऊ नका, चुलतभावाला बरोबर घेऊन जा.